जुन्या पीएस४ ला आधी केबल लावून पाहा
भाऊ, मोबाईलवर नेटचा स्पीड ४० एमबीपीएस (सेकंदाला मेगाबिट) आणि पीएस४ म्हणजे प्लेस्टेशन ४ या गेम कन्सोलवर जेमतेम ५ येतो म्हणता, तर डीएनएस (साइटच्या नावावरून तिचा पत्ता शोधणारी सेटिंग) बदलत बसण्याआधी वायफाय तपासा. २०१३ चा पहिला पीएस४ वायफायच्या दोन पट्ट्यांपैकी फक्त २.४ गिगाहर्ट्‌झवर चालतो, ५ गिगाहर्ट्झचं नेटवर्क त्याला दिसतच नाही. आमच्या दारव्ह्याकडच्या घरी राउटर ओसरीत, टीव्ही माजघरात आणि मधात हातभर जाडीची मातीची भिंत. शेवटी माळ्यावरून १५ मीटर लॅन केबल (राउटर ते पीएस४ जोडणारी नेटची वायर) ओढली, तेव्हा कुठे स्पीड आला. केबलवर कॅट-५ई किंवा कॅट-६ हा केबलचा दर्जा छापलेला पाहूनच घ्या. डाउनलोड लावला की चालू गेम पूर्ण बंद करा, यानं खूप फरक पडतो. आणि ८ बिटचा एक बाइट, म्हणून ४० एमबीपीएस म्हणजे सेकंदाला ५ एमबी (मेगाबाइट). ५० जीबीच्या गेमला पावणेतीन तास लागणारच.