आईच्या फोनमधले गेम कायमचे कसे काढायचे? मदत हवी आहे

नमस्कार मंडळी,

आईचा अँड्रॉइड फोन ३२ जीबीचा आहे आणि 'स्टोरेज भरले' ही सूचना सारखी येते. भजनाचे व्हिडिओ आणि नातवाचे फोटो तिला हवेच आहेत, त्यांना हात लावायचा नाही. काढायचे आहेत ते गेम.

प्ले स्टोअरवरून घेतलेले गेम आयकॉन दाबून धरून अनइन्स्टॉल केले, ते गेले. फोनसोबतच आलेल्या काही गेमना मात्र फक्त 'डिसेबल' हाच पर्याय आहे. त्याने अपडेटची जागा सुटते, पण मूळ गेम सिस्टिमच्या भागात राहतोच. म्हणजे कॉम्प्युटरला जोडून एडीबीने (कॉम्प्युटरवरून फोनला आदेश देणाऱ्या साधनाने) काढला तरी स्टोरेज फारसं वाढणार नाही, बरोबर ना? तसं असेल तर त्या भानगडीत पडत नाही, आईचा फोन बंद पडलेला परवडणार नाही.

खरा त्रास वेगळाच आहे. काढलेले गेम सिस्टिम अपडेटनंतर परत येतात! होम स्क्रीनवरच्या 'सुचवलेल्या अ‍ॅप्स'च्या फोल्डरमधून येत असावेत असा संशय आहे. ते बंद करायची सेटिंग नेमकी कुठे असते?

शिवाय भाच्याचा एक गेम ठेवायचाय. त्याचा फक्त कॅशे (तात्पुरत्या फाइल्स) साफ केला तर त्याने पार केलेल्या लेव्हल राहतील ना? तो फार मनापासून खेळतो.

कोणी स्वतः करून पाहिलं असेल तर कृपया सविस्तर सांगा.