पेमगिरीच्या वडाची मापं कशी घ्यावीत? मदत हवी आहे

नमस्कार मंडळी. संगमनेर तालुक्यातल्या पेमगिरीचा महाकाय वड तुमच्यापैकी अनेकांनी पाहिला असेल. त्याची नीट नोंद करून ठेवायची खूप इच्छा आहे, पण मोजायला गेलं की अडायला होतं.

एरवी झाडाचा घेर जमिनीपासून १.३७ मीटरवर, म्हणजे साधारण छातीच्या उंचीवर मोजतात. आंब्या-चिंचेला ते ठीक. वडाचं काय? पारंब्या जमिनीत रुजून त्यांचीच खोडं झालीत, काही एकमेकांना चिकटून एकजीव झालीत. मूळ खोड कोणतं समजायचं? हावड्याच्या वनस्पती उद्यानातल्या वडाचं तर मुख्य खोड बुरशी लागल्याने १९२५ मध्ये काढून टाकलं, तरी झाड पारंब्यांवर उभंच आहे! त्यामुळे एकाच खोडाचा घेर लिहून वडाची ओळख पटत नाही असं मला वाटतं.

माझा विचार असा: जमिनीत टेकलेली प्रत्येक पारंबी मोजायची, जाड खोडांचे घेर वेगळे लिहायचे आणि पसाऱ्याच्या कडेने जीपीएस घेऊन चालत क्षेत्रफळ काढायचं. पण किती जाडीपासून पुढे पारंबीला खोड म्हणायचं? चिकटलेली खोडं एक धरायची की दोन? दाट पानोऱ्यात शेंडाच दिसत नाही, मग उंची कशी काढता?

कुणी वड मोजला असेल तर कृपया नोंदवहीचा नमुना दाखवा. पावसाळ्याआधी काम सुरू करायचंय.