कबड्डीचं मराठी समालोचन: टीव्हीसाठी डेमो कसा करावा?

पाटणा_कव्हर: राष्ट्रीय पातळीवर खेळलेलो नाही. तरी मराठी समालोचनासाठी डेमो पाठवता येईल का? रेडिओसारखं सलग बोललं तर चालतं?

बोनसरेषा: क्रिकेट समालोचक हर्षा भोगले कुठे कसोटी खेळलेत? आकाशवाणी हैदराबादवर 19 व्या वर्षी सुरुवात केली त्यांनी. पण सलग बोलू नका. चढाईपटू कोणत्या कोपऱ्यात गेला ते टीव्हीवर दिसतंच. चढाई 30 सेकंदांची. सुरुवातीलाच नाव आणि परिस्थिती सांगून मोकळं व्हा: ‘करो या मरो’ (दोन रिकाम्या चढायांनंतरची, गुण घ्यावाच लागतो अशी चढाई) आहे का, समोर किती जण. बचावपटू सहा किंवा जास्त असतील तरच बोनस (बोनस रेषा ओलांडल्याचा गुण), तीन किंवा कमी असताना पकड झाली तर सुपर टॅकल, म्हणजे एक जादा गुण. हा हिशेब डोक्यात चालू नसेल तर प्रेक्षक तुमच्या पुढे जातो. आणि झटापटीत गुण स्वतःच देऊन टाकू नका, पंचांचा इशारा येऊ द्या.

आवाजबंद: डेमोला तीन-चार मिनिटं पुरेत, पण एकाच टेकमध्ये, न कापता. सामन्याचा व्हिडिओ लावून त्यावर बोला, त्यातलं मूळ समालोचन बंद करा. पहिल्याच चढाईला वरची पट्टी लावली की सुपर रेडला (एकाच चढाईत तीन किंवा जास्त गुण) आवाज फाटतो. हे हमखास होतं. माइक तोंडासमोर नको, ओठांच्या कोपऱ्याशी धरा, नाहीतर ‘प’, ‘फ’ फुटतात.

पाटणा_कव्हर: कानात निर्मात्याचा आवाज येतो, त्याची सवय?

आवाजबंद: एका कानात बातम्या लावून बोलायचा सराव करा. वाक्य अर्धवट तुटलं तर पुन्हा सुरू करू नका, पुढच्या चढाईवर या.