‘मिसवर्शिप’ या क्रियापदाला ‘चुकीची पूजा करणे’ चालेल का?

महाल_वाचक

नमस्कार मंडळी. सतराव्या शतकातल्या इंग्रजी प्रवचनांचं मराठी करायचं काम हातात आहे. त्यात ‘मिसवर्शिप’ हे क्रियापद दोन-तीनदा आलंय. जवळच्या इंग्रजी-मराठी कोशात ते नाही, आणि मोठ्या इंग्रजी कोशाने एका ओळीत उरकलंय: चुकीच्या रीतीने पूजा करणे. मी तूर्त ‘चुकीची पूजा करणे’ असं लिहून ठेवलंय, पण वाचताना खटकतं. का खटकतं ते नीट सांगता येत नाही. ‘आयडोलाइझ’पेक्षा हा शब्द वेगळा कसा, आज कोणी लिहितं का, आणि मराठीत काय म्हणावं? जाणकारांनी सांगावं.

धंतोली_कोशवाला

आधी शब्द सुटा करून पाहा. ‘वर्शिप’ जुन्या इंग्रजीतला आहे: ‘वर्थ’ म्हणजे योग्यता, आणि त्याला ‘फ्रेंडशिप’मध्ये दिसतो तोच ‘शिप’ प्रत्यय. मूळ अर्थ योग्यता, मानमरातब. देवाधर्माचा अर्थ नंतर चिकटला. इंग्लंडात मॅजिस्ट्रेटला आणि मेयरला ‘वर्शिप’ लावून संबोधतात ते याच जुन्या अर्थाने. १५४९ च्या अँग्लिकन प्रार्थनापुस्तकात लग्नाच्या वेळी नवरा बायकोला ‘माझ्या देहाने मी तुला वर्शिप करतो’ असं म्हणतो, तिथेही पूजा नाही, मान देणं आहे. म्हणजे या शब्दाच्या तळाशी हळदकुंकू नाही, लायकीचा हिशेब आहे. ‘मिसवर्शिप’मध्ये तो हिशेब चुकतो.

‘मिस’ हा उपसर्ग ‘मिसजज’, ‘मिसयूज’, ‘मिसस्पेल’ यांतला. इथे मराठी माणसाची एक हमखास चूक होते. आपल्याकडे ‘चुकणे’ला दोन अर्थ आहेत: भलतं करणं आणि राहून जाणं. ‘आज पूजा चुकली’ म्हणजे पूजा झालीच नाही. गाडी ‘मिस’ झाली असं आपण रोज बोलत असल्यामुळे ‘मिसवर्शिप’ म्हणजे पूजा चुकवणं असंही कुणी वाचेल. तसं अजिबात नाही. पूजा झालेली आहे, बहुतेक वेळा मनापासून झालेली आहे, दोष तिच्या रोखात किंवा रीतीत आहे.

व्याकरण थोडक्यात. क्रियापद सकर्मक आहे. ज्याची पूजा होते ते थेट कर्म म्हणून येतं, मध्ये ‘टू’ किंवा ‘ऑफ’ घालायचं नाही. भूतकाळात ब्रिटिश वळण शेवटचा ‘पी’ दुप्पट करतं, अमेरिकेत एकेरीही चालतो. शेवटचं अक्षर आघाताचं नसताना व्यंजन दुप्पट होणं हा ब्रिटिश लेखनातला अपवादच म्हणायचा. ‘किडनॅप’ आणि ‘हँडिकॅप’ त्याच पंगतीतले. उच्चारात आघात ‘वर्’वर, ‘मिस’वर नाही. देवनागरीत जोडूनच लिहा. तोडून ‘मिस वर्शिप’ लिहिलंत तर वाचणाऱ्याला सौंदर्यस्पर्धा आठवेल.

हेच रूप नाम म्हणूनही चालतं, तेव्हा मात्र पुढे ‘ऑफ’ येतो. वेबस्टरच्या १९१३ च्या कोशात क्रियापदाला बिशप जोसेफ हॉल (१५७४–१६५६) यांचा दाखला आहे, आणि नामाला स्कॉटिश लेखक थॉमस कार्लाइलचाही. कार्लाइलने १८४० साली लंडनमध्ये वीरपूजेवर व्याख्यानं दिली, त्यातल्या पहिल्यात प्राचीन बहुदेववादाबद्दल बोलताना तो हा शब्द अनेकवचनात घालतो. म्हणजे तुमच्या प्रवचनांच्या काळात शब्द अगदी आपल्या घरचा आहे.

जाता जाता: बातम्यांत समाजकंटकांना लावतात तो ‘मिसक्रिअंट’ शब्द मुळात याच कुळातला वाटतो. त्याचा मूळ अर्थ भलतीच श्रद्धा बाळगणारा, पाखंडी. फक्त त्यातला ‘मिस’ जुन्या फ्रेंचमधून आला, आपला थेट जर्मानिक वाटेने. सख्खे नाहीत, चुलत म्हणा.

तर्री_जास्त

‘चुकीची पूजा केली’ म्हटलं का नागपूरचा माणूस पह्यले हेच इचारन, काय चुकलं बाप्पा? गणपतीले तुळस वाह्यली का? महादेवाले पुरी प्रदक्षिणा मारली का? देव बरोबर, पूजा चुकली, असा अर्थ निघते त्याचा. देवच भलता धरला हे त्यात येतच नाही. म्हणून खटकते तुमाले.

अंबाझरी_काठ

वरच्या दोन ओळींतच सगळं आलंय. मुद्दा असा की इंग्रजी शब्द दोन्ही चुका पोटात घेतो आणि कोणती ते सांगत नाही. पूजेचा विषय चुकीचा, किंवा विषय बरोबर पण रीत चुकीची. मराठीत तुम्हाला निवडावंच लागतं.

प्रवचनांत कुठली चूक आहे ते ओळखायला बायबलातल्या दहा आज्ञा समोर ठेवा. प्रोटेस्टंट मोजणीत पहिली आज्ञा: माझ्याखेरीज दुसरे देव नकोत. ही विषयाची चूक. दुसरी: कोरीव मूर्ती करून तिच्यापुढे वाकू नका. ही खरं तर रीतीची चूक, कारण मूर्ती त्याच देवाची असली तरी मनाई आहे. कॅथलिक आणि लुथरन मोजणीत या दोन्ही मिळून एकच आज्ञा होते, म्हणून तिथे हा भेद इतका टोकदार राहत नाही. तुमचा प्रवचनकार अँग्लिकन असेल तर तो दोन वेगळ्या धरतो. परिच्छेदात आज्ञेचा क्रमांक आलाय का तेवढं बघा, निम्मा प्रश्न तिथेच सुटेल.

सर्वांत अवघड प्रसंग सोन्याच्या वासराचा, बायबलातल्या ‘निर्गम’ पुस्तकाचा ३२ वा अध्याय. मोशे डोंगरावर आहे, लोक अहरोनाकडे देव मागतात, तो त्यांच्या कानांतली सोन्याची कुंडलं गोळा करून वासरू घडवतो. हे झालं भलतं दैवत. पण पाचव्या वचनात तोच अहरोन जाहीर करतो की उद्या परमेश्वराचा सण आहे. मग लोकांनी दुसरा देव धरला, की आपलाच देव वासराच्या रूपात पुजला? दोन्ही वाचनं होतात. अशा ठिकाणी ‘आयडॉलट्री’ (मूर्तिपूजा) म्हटलं की निकाल लागून जातो. ‘मिसवर्शिप’ म्हटलं की दोन्ही दारं उघडी राहतात. जुन्या लेखकांना हा शब्द सोयीचा का पडला असेल ते इथे दिसतं.

आपल्याकडे दोन्ही चुकांना शब्द तयार आहेत, नवे पाडायची गरज नाही. रीतीच्या चुकीला गीतेतला ‘अविधिपूर्वक’ (९.२३): श्रद्धेने अन्य देवतांना भजणारेही मलाच भजतात, पण अविधिपूर्वक. विषयाच्या चुकीला जुनं सुभाषित आहे: ‘अपूज्या यत्र पूज्यन्ते’, जिथे अपूज्यांची पूजा होते तिथे दुष्काळ, मरण आणि भय येतात. त्यातून ‘अपूज्यपूजा’ हा शब्द सरळ मिळतो. सतराव्या शतकातल्या गद्याचा भारदस्तपणा हवा असेल तर तो शोभेल. साध्या गद्यात ‘अस्थानी भक्ती’ किंवा ‘भलत्यालाच देव मानणे’.

महाल_वाचक

खटकण्याचं कारण आता कळलं, आभार. पण एक विचारतो: ‘देव्हारे माजवणे’ का नको? अगदी मराठी आहे, आणि त्यात देवही आहे. शिवाय ‘आयडोलाइझ’चं राहिलंच.

इतवारी_कट्टा

‘देव्हारे माजवणे’ नको, कारण ‘माजवणे’. त्यात गाजावाजा आहे आणि माजवणाऱ्याच्या हेतूवर संशय आहे. परंपरेचे देव्हारे माजवणारा स्वतः परंपरा पाळतोच असं नाही. मिसवर्शिप करणारा मात्र खरा भक्त असतो, त्याला आपली चूक ठाऊक नसते. ‘स्तोम माजवणे’चंही तेच. (‘स्तोम’ म्हणजे वेदांतलं स्तुतिसूक्त. ‘माजवणे’च्या संगतीने त्याची काय दशा झाली बघा.) ‘उदो उदो करणे’ हे तर नुसतं तोंडाचं काम. ‘भजनी लागणे’ त्यातल्या त्यात जवळ येतं, कारण त्यात भोळेपणा आहे. पण त्यात पूजेपेक्षा नादाला लागणं जास्त आहे. प्रवचनकार लोकांना ढोंगी म्हणत असेल तर ‘देव्हारे’ जरूर वापरा. वाट चुकलेले म्हणत असेल तर नको.

आता ‘आयडोलाइझ’. ‘आयडल’ ग्रीक ‘एइडोलॉन’वरून, म्हणजे आकृती, प्रतिमा, आभास. आजच्या इंग्रजीत ‘आयडोलाइझ’ निम्म्याहून अधिक निरुपद्रवी झालंय. पोरगी आजीला ‘आयडोलाइझ’ करते, म्हणजे आजी तिला देवासारखी वाटते. तक्रार नाही, झाली तर थोडी काळजी. ‘मिसवर्शिप’मध्ये निवाडा शब्दातच बांधलेला आहे, तो काढता येत नाही. ‘आयडॉलट्राइझ’ असंही एक दुर्मिळ क्रियापद आहे, ते मूर्तिपूजेच्या आरोपाला घट्ट चिकटलेलं. ‘डीइफाय’ म्हणजे देवपदाला चढवणं, तिथे पूजा होवो न होवो. ‘लायनाइझ’ म्हणजे नुसतं मिरवणं, डोक्यावर घेऊन नाचणं. लंडनच्या टॉवरमधले सिंह पाहायला लोक जात, त्यावरून तो शब्द निघाला. भक्तीशी त्याचा संबंध नाही.

आणि ‘एफिजी’ला, म्हणजे नुसत्या पुतळ्याला, ‘आयडल’ समजू नका. तान्ह्या पोळ्याला काळी-पिवळी मारबत, म्हणजे बाईचा मोठा पुतळा, निघते, मागे बडगे नावाचे पुतळे निघतात, त्यांचं इंग्रजी करताना बरेच जण ‘आयडल’ लिहून मोकळे होतात. बडग्या हा ‘एफिजी’, त्याला कोणी पुजत नाही. मारबतीला मात्र बायका नमस्कार करतात, ओटी भरतात, आणि संध्याकाळी तिलाच इडापिडा घेऊन जा म्हणत जाळतात. बाहेरचा लेखक तिला एका शब्दात बसवायला गेला की हमखास फसतो. ‘मिसवर्शिप’ तर मुळीच नको, कारण इथे कोणाचा कसलाच हिशेब चुकलेला नाही.

हाच इशारा तुमच्या कामालाही लागू आहे. शेंदूर फासलेला दगड हा आपल्याकडे मारुती किंवा म्हसोबा असतो, ती चूक नव्हे. म्हणून मिसवर्शिपसाठी ‘दगडाला शेंदूर फासणे’ लिहिलंत, तर प्रवचनकाराचा आरोप तुमच्या तोंडून आपल्याच वाचकावर जाईल. कोणाच्या नजरेतून चूक आहे ते वाक्यात दिसू द्या: ‘त्याच्या मते’, ‘तो ज्याला अपूज्यपूजा म्हणतो’, असं काहीतरी.

आज लिहिताना वापरायचा तर धार्मिक इतिहास, टीका आणि मुद्दाम जुन्या बाजाचं गद्य, एवढंच त्याचं अंगण. राजकारणावर लिहिताना इंग्रजीत ‘हीरो-वर्शिप’ आहेच. दीक्षाभूमीच्या शहरात हे सांगायला नको, पण २५ नोव्हेंबर १९४९ च्या संविधान सभेतल्या भाषणात बाबासाहेबांनी इंग्रजीत बोलतानाही ‘भक्ती’ हा शब्द तसाच ठेवला आणि जोडीला ‘हीरो-वर्शिप’ म्हटलं. धर्मातली भक्ती मोक्षाची वाट असू शकते, राजकारणातली मात्र अधःपाताकडे आणि शेवटी हुकूमशाहीकडे नेते, असं त्यांचं म्हणणं. तिथे ‘मिसवर्शिप’ बसलं नसतं. ते चुकीचा माणूस निवडला म्हणत नाहीत, लायक माणसाचीही राजकारणात भक्ती नको म्हणतात.

अंबाझरी_काठ

पटलं. ‘दगड-शेंदूर’बद्दल तर दोनदा पटलं.

नमुन्यादाखल तीन वाक्यं करून बघू, म्हणजे हात बसेल. इंग्रजी वाक्यं मी रचलेली आहेत, प्रवचनातली नव्हेत.

‘दे मिसवर्शिप्ड गोल्ड.’ कर्म सोनं, म्हणजे विषयच चुकीचा, शंका नाही. ‘त्यांनी सोन्यालाच देव मानलं.’ इथे ‘च’ महत्त्वाचा. ‘मिस’चा सगळा भार तो एकटा उचलतो. ‘चुकीने’ वगैरे वेगळं घालू नका, जड होईल.

‘दे मिसवर्शिप्ड द ट्रू गॉड.’ कर्म खरा देव, म्हणजे रीत चुकली. ‘खऱ्या देवाची पूजा त्यांनी केली, पण अविधीने.’ इथे एका क्रियापदाची दोन उपवाक्यं करावी लागतात, त्याला इलाज नाही. ‘खऱ्या देवाची चुकीची पूजा’ लिहिलंत तर परत तुळशीवर येऊन थांबाल.

‘द गॉड दे मिसवर्शिप्ड वॉज देअर ओन.’ हे वासराचं वाक्य. विषय का रीत ते उघडं ठेवायचंय. ‘ज्याची त्यांनी भलती पूजा मांडली, तो देव त्यांचाच होता.’ ‘भलती पूजा’त दोन्ही अर्थ राहतात: भलत्याची, आणि भलत्या तऱ्हेची. ‘मांडली’ म्हटल्याने पाट-चौरंगही दिसतो.

धंतोली_कोशवाला

‘भलती पूजा मांडणे’ झकास. एकच दुरुस्ती: ‘मांडणे’मध्ये तयारी येते, पूजा पार पडल्याचं येत नाही. क्रिया पूर्ण झाली हे दाखवायचं असेल तिथे ‘बांधली’ म्हणा. ‘पूजा बांधणे’ जुन्या मराठीला जवळचं आहे आणि सतराव्या शतकाच्या गद्याशेजारी उपरं वाटत नाही.

तर्री_जास्त

अन् तळटीप द्याच एक. पह्यल्यांदा शब्द आला का तिथं, शेवटी नाही. शेवटची पानं वाचते कोण?

महाल_वाचक

ठरलं तर. जिथे आज्ञेचा क्रमांक आहे तिथे ‘अपूज्यपूजा’ किंवा ‘अविधीने’, वासराच्या परिच्छेदात ‘भलती पूजा बांधली’, आणि पहिल्याच ठिकाणी तळटीप. एक जागा अडतेच आहे: क्रियापद कर्मणी आलंय आणि कर्ता दिलेला नाही. ‘भलती पूजा बांधली गेली’ इंग्रजाळलेलं वाटतं.

इतवारी_कट्टा

‘गेली’ काढा. ‘तिथे भलतीच पूजा होत आली.’ मराठीला कर्ता सांगायचा नसला की ‘होणे’ पुरतं.