काल्पनिक दर्शनातला अंधार: नुसता अभाव, की स्वतंत्र द्रव्य?

दांडियाबाजार (धागाकर्ता)

आमचा बडोद्यातला लेखनगट मिळून एक कल्पविश्व रचतोय. तिथला सूर्य जागचा हलत नाही. अर्ध्या जगावर कायम ऊन, अर्ध्यावर कायम रात्र, मधे सांजपट्टा. या सांजपट्ट्यात 'कवडसा दर्शन' नावाचं तत्त्वज्ञान वाढलंय. सूत्रं सध्या तीनच: प्रकाश कुणाच्या मालकीचा नाही, दिवा लावणाऱ्याने त्या दिव्याने पडणाऱ्या सावल्यांची जबाबदारी घ्यायची, आणि अंधार असा काही नसतोच, उजेड नसतो एवढंच.

माझा विरोध तिसऱ्याला आहे. ते एकदा मानलं की रात्रीच्या बाजूला पिढ्यान्‌पिढ्या राहणारी माणसं आपोआप उणी ठरतात. मग उन्हातल्यांनी मशाली घेऊन तिकडे चाल करणं पुण्यकर्म होतं, आणि कादंबरीतल्या युद्धाला आपणच आशीर्वाद देऊन बसतो.

आपल्याकडे हा वाद जुना आहे. भाट्ट मीमांसक, म्हणजे कुमारिल भट्टाच्या परंपरेतले वेदवाक्यांचा अर्थ लावणारे दार्शनिक, अंधाराला द्रव्य मानतात, म्हणजे गुण आणि क्रिया जिच्यात राहतात अशी वस्तू. तो काळानिळा दिसतो, सरकतो; गुण आहे, क्रिया आहे, मग द्रव्य का नाही? रात्रीच्या लोकांना हे मत द्यावं असं मला मनापासून वाटतं.

न्यायवादी

साफ असहमत. अन्नंभट्टाने न्याय-वैशेषिक मताची ओळख करून देणाऱ्या आपल्या तर्कसंग्रहावरच्या दीपिका या टीकेत नेमका हाच आक्षेप घेऊन खोडून काढलाय. रंग असलेली वस्तू डोळ्यांना दिसायला उजेड लागतो. अंधार तर उजेड नसतानाच दिसतो. तेव्हा तो रंगीत द्रव्य नव्हे, आणि 'निळा अंधार सरकतो' हा भ्रम. कंदील घेऊन चालून बघा, सरकतो तो कंदील. तर्कसंग्रहातल्या नऊ द्रव्यांत दहाव्याची भर घालायचं कारण नाही.

आणि अभाव म्हणजे उणेपणा, हे कुठून आलं? तर्कसंग्रहातल्या सात पदार्थांत, म्हणजे जे जे आहे त्याच्या सात वर्गांत, अभाव हा सातवा, बाकीच्यांच्या पंगतीतला. दिवा लागण्याआधीचा काळोख हा प्रागभाव: त्याला सुरुवात नाही, शेवट आहे. दिवा विझल्यावरचा प्रध्वंसाभाव: त्याला सुरुवात आहे, शेवट नाही. एका घरात दिवा कधी लागलाच नाही, शेजारच्या घरात लागलेला विझला. दोन्ही घरं सारखीच काळोखी, पण आतल्या माणसांचं दुःख सारखं असेल का? यावर अख्खं प्रकरण उभं राहतं. द्रव्य मानलंत की हा फरक गेला, कारण काळोख दोन्हीकडे तोच.

काचेचं कौल

दर्शनाचं नाव कवडसा, आणि कवडशाबद्दल कुणीच बोलत नाहीये! जुन्या वाड्यात काचेच्या कौलातून उतरणारी तिरीप आपल्याला दिसते ती हवेतल्या धुळीमुळे. अवकाशात सूर्यप्रकाश असूनही तिथलं आकाश काळं, कारण तो विखुरायला हवाच नाही. जाता जाता प्रकाश दिसत नाही, तो ज्यावर पडतो ते दिसतं. म्हणून चौथं सूत्र धुळीचं हवं. आपल्या कीर्तिमंदिराच्या शिखरावरसुद्धा सूर्य-चंद्रांच्या जोडीला पृथ्वी आहेच की. मला ती रचना फार आवडते.

सयाजीबाग

मधला मार्ग सुचवतो. 1191 मध्ये अलेप्पोत ज्याला मृत्युदंड झाला त्या सुहरावर्दी या इराणी तत्त्वज्ञाच्या इश्राक (प्रकाश) मतात अस्तित्वाची मांडणी प्रकाशाच्या कमी-अधिक तीव्रतेवर आहे. तशा पायऱ्या केल्या तर दोन तट पडणार नाहीत.

दांडियाबाजार

सयाजीबाग, पायऱ्या केल्या की सगळ्यात खालची कुणाची, हे आलंच. ती रात्रीच्याच लोकांच्या वाट्याला जाणार.

न्यायवादी, दोन घरांचा मुद्दा सुंदर आहे, पण तो सांजपट्ट्यातल्या घरांना लागू. रात्रीच्या बाजूला ऊन कधी नव्हतं आणि कधी येणारही नाही. तुमच्याच भाषेत हा अत्यंताभाव. एखाद्या जमातीची ओळखच तिच्याकडे कायम नसलेल्या गोष्टीवरून करून द्यायची का?

आता एक करून बघा. बडोदा कर्कवृत्ताच्या दक्षिणेला आहे, त्यामुळे जूनच्या पहिल्या आठवड्यात आणि जुलैच्या दुसऱ्या आठवड्यात दुपारी साडेबारा ते पाऊणच्या दरम्यान सूर्य बरोबर डोक्यावर येतो. जुलैत ढग असतात, तेव्हा जून बरा. गच्चीत स्टीलचा पेला पालथा ठेवा. भोवती सावलीची कडसुद्धा उरत नाही. मग तोच पेला सरळ वीतभर वर धरा. बरोबर खाली काळा गोल. आपल्या जगात उन्हाच्या ऐन मध्यावर हीच स्थिती बारमाही असणार. तिथले लोक छातीठोकपणे म्हणतील, 'आम्हाला सावलीच नाही', आणि ती त्यांच्या तळपायाखाली असेल. दुसरं सूत्र मोडणारे पहिले लोक हेच! तिसऱ्या सूत्रामुळे त्यांना जाब विचारायची सोयच राहत नाही.

न्यायवादी

पेल्याने उजेड अडवला, एवढंच सिद्ध झालं, द्रव्य नाही. तळपायाखालच्या सावलीचा प्रसंग मात्र कादंबरीत हवाच.

अत्यंताभावाचं म्हणाल, तर वायू घ्या. वायूत रंगाचा अत्यंताभाव असतो. तर्कसंग्रहात त्याची व्याख्याच अशी: रूप नसलेला, स्पर्श असलेला. म्हणून वायू काही हलक्या प्रतीचं द्रव्य ठरत नाही. रात्रीचे लोक तसेच दाखवा. भिंत, धान्य, माणूस, सगळं ते हाताने ओळखतात, आणि त्यांचं प्रमाणशास्त्र, म्हणजे खरं ज्ञान कशाने होतं याचा विचार, स्पर्शापासून सुरू होतं. यासाठी अंधाराला द्रव्य करावं लागत नाही.

काचेचं कौल

+1. स्पर्शाचं प्रमाणशास्त्र कुणी तरी लिहायला घ्याच.

दांडियाबाजार

स्पर्शाचं मला मान्य आहे, पूर्ण मान्य. पण वायूची ती व्याख्या वायूने केलेली नाही. रात्रीचे लोक बोलू शकतात, तेव्हा त्यांची व्याख्या त्यांनी करावी. शांतरक्षित या बौद्ध आचार्याचा तत्त्वसंग्रह 1926 साली आपल्याच गायकवाड प्राच्य ग्रंथमालेत छापला गेला. त्यात विरोधकांची मतं आधी सविस्तर मांडलेली आहेत आणि मगच खंडन आहे. कवडसा दर्शनाला असा पूर्वपक्ष, म्हणजे आधी मांडलेली विरोधकाची बाजूच नाही, म्हणून ते आज घोषणांसारखं वाचलं जातं. रात्रीच्या बाजूचा एक आचार्य आणा. अंधार द्रव्य आहे हे त्याला पूर्ण ताकदीने मांडू द्या, आणि निदान एका सभेत सांजपट्टेकरांना निरुत्तर होऊ द्या. तो मसुदा येईपर्यंत तिसऱ्या सूत्राला माझी संमती नाही.