मदत हवी आहे: सरकारी कामाचं बिल अडकलंय, हायकोर्टात रिट की दिवाणी दावा?

मंडळी, ठेकेदारी आणि कोर्ट दोन्ही जवळून पाहिलेल्यांचा सल्ला हवा आहे.

रजिस्ट्रेशन वडिलांच्या नावावर. विदर्भात एका सरकारी खात्याचं रस्ता-गटाराचं काम केलं. रस्ता वापरात आहे, फायनल बिल मात्र अडकलंय. 22 लाख एमबीवर (मोजमाप वहीत) चढलेत, जेईची (कनिष्ठ अभियंत्याची) सही आहे, डेप्युटी इंजिनिअरसाहेबांचा लाल शाईतला ‘तपासले’ शेराही आहे. विचारलं की एकच उत्तर, ‘ग्रँट नाही’. उरलेले 16 लाख खोदाईचे. कठीण खडक लागला, ब्रेकर लावून फोडला, एमबीत मात्र मऊ खडक म्हणून मोजलाय. जादा दराची मंजुरी तोंडीच होती. पत्रं लिहायला लागलो तर उलट नोटीस आली: विलंब केला, ‘नियमानुसार कारवाई का करू नये?’ काळ्या यादीत टाकणार अशी कुजबुज आहे.

करारात लवादाचं कलम नाही. एक वकील म्हणतात, सगळं मिळून घटनेच्या अनुच्छेद 226 खाली रिट (सरकारविरुद्ध थेट हायकोर्टात अर्ज) टाकू, दोन तारखांत पैसे. दुसरे म्हणतात, कराराचा वाद आहे, हायकोर्ट दारातूनच परत पाठवेल. कुणाचं ऐकू?

प्रतिसाद (काळाकोट):
‘दोन तारखांत पैसे’ म्हणणाऱ्यापासून जरा जपून. रिटमध्ये साधारणपणे शपथपत्रांवर निकाल होतो. साक्षी, उलटतपासणी, जागेची पाहणी हे सगळं दिवाणी कोर्टाचं काम. तुमचा खडक आता गटाराखाली गाडला गेलाय. तो कठीण होता की मऊ, हे न्यायमूर्तींनी कशावरून ठरवायचं? त्या 16 लाखांसाठी दावाच.

22 लाखांचं वेगळं. खातं रक्कम नाकारत नाही, नुसतं देत नाही. एबीएल इंटरनॅशनलच्या निकालात (2004) सर्वोच्च न्यायालयाने म्हटलंय की करार आहे एवढ्यावरून रिट बाद होत नाही; सरकारी संस्था मनमानी करत असेल तर उच्च न्यायालय पैशांचा आदेशही देऊ शकतं. युनिटेकचा निकाल (2021) तीच री ओढतो. पण केरळ वीज मंडळाच्या प्रकरणात (2000) कराराच्या अटींचा अर्थ लावण्यासाठी रिट नाही, असंही सांगितलंय. म्हणून दोन्ही रकमा एकाच अर्जात कोंबू नका. वादातल्या सोळांमुळे कबूल असलेले बावीसही बाहेर फेकले जातील.

नोटिशीला आधी सविस्तर उत्तर द्या. नुसत्या नोटिशीवर हायकोर्ट सहसा हात घालत नाही. काळ्या यादीचा आदेश निघाला तर मात्र रिटच. म्हणणं ऐकल्याशिवाय काळी यादी नाही, हे 1975 पासून ठरलेलं आहे. गोरखा सिक्युरिटीच्या निकालानुसार (2014) तशी कारवाई योजली आहे हे नोटिशीतून कळायला हवं. ‘नियमानुसार कारवाई’ एवढ्याने भागत नाही.

प्रतिसाद (निवृत्त_अभियंता):
तोंडी मंजुरीची कुणी ओळखही दाखवणार नाही, भाऊ. माहिती अधिकारात एमबीच्या प्रमाणित प्रती आणि साइट ऑर्डर बुकची (जागेवरच्या लेखी सूचनांच्या वहीची) पानं आजच मागा. ब्रेकरच्या भाड्याची बिलं, डिझेलच्या पावत्या, खोदाईचे तारखेसह फोटो असतील तर दाव्यात तेच कामी येतील.

धागाकर्ता:
फोटो आहेत, ब्रेकरवाल्याची बिलंही. आधी 22 लाखांचं रिट केलं तर ‘मागणी तुकड्यांत केली’ म्हणून पुढचा दावा अडेल का?

काळाकोट:
मागणी तुकड्यांत करू नये हा दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश 2 नियम 2 दाव्यांना लागतो, रिटमुळे दावा अडत नाही. खरी भीती मुदतीची. केलेल्या कामाच्या पैशांसाठी साधारण तीन वर्षं मिळतात आणि रिट पडून आहे म्हणून घड्याळ थांबत नाही. चुकीच्या कोर्टात प्रामाणिकपणे घालवलेला वेळ मुदत कायद्याच्या कलम 14 खाली वजा मागता येतो, पण त्या भरवशावर राहू नका. शिवाय दाव्याआधी सरकारला त्याच संहितेच्या कलम 80 ची दोन महिन्यांची नोटीस, आणि बांधकाम करार असल्याने व्यापारी न्यायालय कायद्याखालची मध्यस्थी. काम पूर्णत्वाच्या दाखल्यावर तारीख काय आहे, ते आधी सांगा.