हुकूमनाम्याचे पैसे थकलेत, बाबांना सिव्हिल जेल होईल का?

प्रश्न: बाबांचा धंदा बुडाला, बँकेने दिवाणी कोर्टातून हुकूमनामा (पैसे फेडण्याचा कोर्टाचा आदेश) घेतलाय आणि आता दरखास्तीत (त्याच्या वसुलीच्या कारवाईत) अटक का करू नये अशी नोटीस आलीये. पैसे खरंच नाहीयेत हो, काय करू?

उत्तर: तारीख अजिबात चुकवू नका, गैरहजर राहिलात तर वॉरंट निघतं. नुसती थकबाकी म्हणून जेल नाही, १९८० च्या जॉली जॉर्ज वर्गीस निकालात सुप्रीम कोर्टाने स्पष्ट सांगितलंय, ऐपत असून मुद्दाम टाळतोय असं दिसायला हवं. सीपीसी (दिवाणी प्रक्रिया संहिता) कलम ५१ वाचा. उत्पन्न, कर्जं, दवाखान्याचा खर्च सगळं ॲफिडेव्हिटवर द्या आणि ऐपत न तपासता ऑर्डर झालीच तर हायकोर्टात जा.

उत्तर: दादा, हप्ते मागा, पण झेपतील तेवढेच. आईचंही नाव असेल तर पैशाच्या हुकूमनाम्यात बाईला अटक करताच येत नाही, कलम ५६.